सासूबाईंच्या फोनातलं ॲप

नाही हो भाऊ, दुरुस्तीला आणलाय पण फोन पडलाबिडला नाही — पडला असता तर बरं, दोष फरशीला देता आला असता. सासूबाईंचा आहे. नजर अधू झालीय त्यांची, म्हणून माझ्या धाकट्या जावेने अक्षरं मोठी करून दिली. एवढंच हो. पण कौतुक किती — येणाऱ्याजाणाऱ्याला फोन दाखवतात, ‘धाकटीने केलं’ म्हणून. आणि रोज औषधं हातात कोण देतं? मी. पण गोळ्यांची पाकिटं कोण कुणाला दाखवतं?

म्हणून मी हे घातलं — मेसेज मोठ्याने वाचून दाखवणारं ॲप. स्टोअरवर नव्हतं, बायकांच्या ग्रुपवर लिंक आलेली. फोन अडून बसला — अनोळखी ठिकाणचं आहे, धोका आहे, घेऊ नका. हसताय काय? फोन आपणहून सांगतोय हे मला काय ठाऊक — मला वाटलं, हा अडसर धाकटीनेच घालून ठेवलाय, माझा हात लागू नये म्हणून. मग पेटलेच मी. जे बंद करायला सांगितलं ते बंद केलं, जी परवानगी मागितली ती दिली. स्क्रीनवरचं सगळं वाचू का, म्हणालं — वाच बाबा, त्यासाठीच आणलंय तुला.

वाचलं की. बँकेचा पासवर्डसुद्धा वाचला. — हो, बँकेला कळवलं, ते आधी केलं. पण सकाळपासून आईंच्या नावाने तीच लिंक सगळ्यांना जातेय. तुम्ही एवढं करा — पुसून टाका, आणि आईंनी विचारलं तर सांगा, सेटिंग आधीपासूनच बिघडलेलं होतं. आधीपासून म्हणजे — धाकटीने हात लावला तेव्हापासून. खोटं कसं? पहिला हात तिचाच ना? तिला पत्ताही लागायचा नाही, ती असलं काही उघडत नाही. मी साधी भाजी पाठवली तरी विचारते, कधीची आहे.

थांबा, तिचाच फोन. — हं, बोल. काय? तुझ्याही फोनमध्ये? तू उघडलीस? अगं, तू? — बरं. बरं, रडू नकोस. ठेव.

तिनेही घेतलं, भाऊ. ऑफिसचं सगळं त्याच फोनात आहे तिचं. म्हणाली, आईंकडून आलं म्हणून बघितलंच नाही, सरळ घेतलं. वर मलाच सांगते, आईंना कळू देऊ नका, त्यांना वाईट वाटेल.

माझ्याकडून आलेलं काही घेतलंय का तिने असं डोळे मिटून? — तुम्ही काम करा तुमचं. माझ्याकडे काय बघताय.