हप्ता वाढला नाही

नाही, ती भिंत पाडता नाही येणार, आधीच सांगते. तुझ्या नवऱ्याने टकटक करून बघितली ना, पोकळ वाजली म्हणून खूश झाला, पण आतून पाण्याचा पाइप जातो — दलाल नाही सांगणार, मी सांगते. बस ना. त्या नको, या खुर्चीवर बस, ही हलत नाही. तो खाली गाडीची जागा मोजतोय तोवर दहा मिनिटं सहज जातील, पुरुषांच्या हातात मोजायची फीत आली की ते मोजतच सुटतात. तू म्हटलं तर चालेल ना? माझ्या लेकीपेक्षा एखाद-दोन वर्षांनी मोठी असशील. आतली खोली? ती मग दाखवते. ह्याच खोलीएवढी आहे, खिडकी मागच्या बाजूला, ऊन येतं सकाळचं. मग दाखवते म्हटलं ना.

तर काय म्हणत होतीस — कर्ज मंजूर झालंय. किती वर्षांचं? तीस. आणि हप्ता बसतो म्हणालीस. बसतो! आम्हीही हाच शब्द वापरला होता बघ. आमचे हे आणि मी, दोघं स्वयंपाकघरात उभे राहून — हे घर तेव्हा नव्हतं, भाड्याची एक खोली होती, ओटा म्हणजे लाकडी फळी — ह्यांनी पाकिटाच्या मागे लिहून काढलं. माझा पगार, ह्यांचा पगार, दूध, वीज, पोरीची शाळा, आणि खाली सोळा हजार एकशे बारा. म्हणाले, बसतोय गं! मीही म्हटलं, बसतोय. कशावर बसतोय ते कुणी विचारलं? आपल्याच छातीवर बसतोय, तेव्हा कुठे कळलं.

हे लिफ्ट दुरुस्त करायचे. करायचे म्हणजे — करायचे. मोठमोठ्या इमारतींच्या लिफ्ट. ती पेटी असते ना, तिच्या टपावर उभं राहून वर-खाली जायचं, अंधाऱ्या उभ्या बोळात, दोर तपासत. आणि मी कवळ्या बनवते. हसू नकोस, निम्म्या गावाचं हसू माझ्या हातचं आहे! दाताचे डॉक्टर साचा पाठवतात, आम्ही प्लॅस्टर ओततो, मेणात दात बसवतो, मग घासून-पुसून चकचकीत. बावीस वर्षं झाली. माझी बोटं बघ, टोकं कशी गुळगुळीत झालीत. मागे एकदा बँकेत अंगठा लावायला सांगितला तर यंत्राला माझा ठसाच सापडेना. ते म्हणाले, बाई, तुम्ही कोण हेच कळत नाही. म्हटलं, हप्ता घेताना बरं कळतं!

बरं, ऐक. वीस लाख घेतले होते, वीस वर्षांसाठी. पाच लाख आमच्याजवळचे — माझ्या वडिलांनी जाताना ठेवलेले. घर पंचवीसचं. बँकेतला तो पोरसवदा साहेब किती गोड बोलायचा म्हणून सांगू! पाणी दिलं, पेन दिलं, इथे सही, इथे सही, आणि इथे. मी मोजल्या, एक्केचाळीस सह्या. ह्यांनी एकदा विचारलं, साहेब, ह्या बारीक अक्षरात काय लिहिलंय? तो म्हणाला, काही नाही काका, नेहमीचंच. ह्यांचं वय छत्तीस आणि तो काका म्हणाला, ह्यांना त्याचंच वाईट वाटलं. बारीक अक्षर राहिलं बाजूला, घरी येईस्तोवर हे आरशात केस बघत होते.

दोन वर्षांनी पत्र आलं. ह्यांना वाचनाचा कंटाळा, कागद आला की माझ्याकडे. हे मोजे काढत होते, म्हणाले, काय म्हणते बँक? म्हटलं, व्याज वाढलंय. चेहरा उतरला. आणि हप्ता? म्हटलं, हप्ता तोच आहे, वाढला नाही. अगं मग झालं तर! उठले आणि एका पायात मोजा तसाच ठेवून पोरीला उचलून गरगर फिरवलं. हप्ता वाढला नाही, हप्ता वाढला नाही! खाली जाऊन आइस्क्रीम आणलं. मी खाल्लं. पत्र ट्रंकेत ठेवलं आणि आइस्क्रीम खाल्लं.

हप्ता नाही वाढला. हप्त्यांची संख्या वाढली. दोनशे सोळा उरले होते, ते झाले तीनशे पन्नास. कळतंय का तुला? व्याज वाढलं की एक तर हप्ता वाढवतात, नाही तर वर्षं वाढवतात, आणि वर्षं वाढवताना विचारत नाहीत, कारण हप्ता वाढला तर माणूस ओरडतो, आणि वर्षं वाढली तर आइस्क्रीम आणतो. आमच्या सोळा हजारांतले पंधरा हजार व्याजात जायचे. मुद्दलात हजार! मग पुढे व्याज उतरलं म्हणे — नव्या गिऱ्हाइकांसाठी. जुन्यांनी अर्ज करायचा असतो. आता अर्ज करायचा असतो हे कुणी सांगायचं? बँकेने? मांजराने उंदराला बिळाची वाट दाखवल्यासारखं झालं ते!

आम्हाला कळलंच नाही, अशिक्षित माणसं आम्ही — असं मी सगळ्यांना सांगते. दलालालाही सांगितलं. खोटं आहे ते. मी मॅट्रिक पास आहे. तीनशे पन्नास हा आकडा मला वाचता आला होता. मी तो त्याच संध्याकाळी वाचला होता, आइस्क्रीमच्या आधी. आधी वाटलं छापताना चुकलं असेल. मग वाटलं, उद्या विचारू. मग... तू पाणी घेतेस का? नको? बरं.

माझ्यानंतर पोरीला कळलं सगळ्यांत आधी. नववीत होती, शाळेत चक्रवाढ व्याज शिकवत होते, तिने घरचंच उदाहरण घेतलं. वीस वर्षंच धरली होती बिचारीने, तीनशे पन्नासचं तिला कुठे माहीत! जेवताना वही घेऊन आली. म्हणाली, बाबा, आपण वीस लाख घेतले, देणार एकोणचाळीस. म्हणजे आपण एक घर घेतलं आणि एक बँकेला घेऊन दिलं. हे हसले आधी. म्हणाले, अगं, भाडं वाचतंय की. वाचतंच होतं, मी नाही म्हणत नाही, सतरा वर्षं घरमालकाचं तोंड बघावं लागलं नाही. तर ती म्हणाली, पण बाबा, व्याज वाढलं तर? आणि ह्यांनी ताट सरकवलं. कधी आवाज न चढवणारा माणूस. म्हणाले, मी रोज टपावर उभा राहतो तो ह्या घरासाठी, माझ्या घरात मला हिशेब शिकवू नकोस, ऊठ. ती उठली. वही तिथेच राहिली, भाताचं पाणी सांडून भिजली. मी तिच्या मागे जाऊन म्हणायला हवं होतं, बाळा, तुझं बरोबर आहे, तुझ्या गणितापेक्षाही वाईट आहे. नाही गेले. भांडी घासली.

हुशार होती गं. गुरांची डॉक्टर व्हायचं होतं तिला. जागा मिळाली होती, पत्र आलं होतं तसं. ह्यांनी फीचा आकडा बघितला आणि म्हणाले, कर्ज फिटलं की बघू. कर्ज फिटलं की! आमच्याकडे सगळं कर्ज फिटलं की व्हायचं होतं. ह्यांचं गुडघ्याचं ऑपरेशन, माझ्या आईकडे जाऊन महिनाभर राहणं — आई तर वाट बघून बघून गेली. पोर औषधांच्या दुकानात हिशेबाला लागली, पगारातला निम्मा घरात द्यायची. कधी कुरकुर नाही. म्हणजे माझ्याशी बोलायचीच कमी, त्यात कुरकुर कुठून येणार?

आणि मग तेराव्या वर्षी हे टपावर चक्कर येऊन पडले. नशीब, पेटी थांबलेली होती. डॉक्टर म्हणाले, रक्तदाब फार आहे, उंचीवरचं काम बंद, ओझं उचलणं बंद. कंपनी चांगली, त्यांनी गोदामात बसायची नोकरी देऊ केली — पगार मात्र निम्म्याहून थोडा जास्त. हे ह्याच खुर्चीत बसले होते, तू बसलीस तिथेच. म्हणाले, किती राहिली गं वर्षं? सात ना? सात वर्षं काढतो मी टपावर, मग एक स्क्रूही पिळणार नाही. माझ्याकडे बघत होते, सात ना?

अठरा होती. अठरा वर्षं आणि दोन महिने. मला महिन्यासकट पाठ होतं.

मी म्हटलं, हो, सात.

काय करणार होते? तू सांग. सात वर्षं माणूस दात-ओठ खाऊन काढतो, अठरा कुणी काढत नाही. मला वाटलं, आकडा सांगितला तर इथेच मोडेल हा माणूस. ... नाही. तेही खरं नाही. मला वाटलं, सांगितलं तर म्हणतील, घर विकून टाकू. आणि मला विकायचं नव्हतं. ही फरशी मी निवडली होती. त्या कपाटाचा रंग मी दिला होता. कवळ्यांच्या कारखान्यात सगळ्या बाया भाड्याच्या घरात राहायच्या आणि मी एकटी दुपारच्या सुट्टीत म्हणायचे, आमच्या घरी असं, आमच्या घरी तसं. तेव्हा विकलं असतं तर ह्यांनी गोदामात बसून चार पैसे कमी आणले असते, पण चालत आणले असते.

दोनच वर्षं काढली त्यांनी टपावर. एका इमारतीच्या गच्चीवरच्या यंत्राच्या खोलीत सापडले, हातात पान्हा. उजवी बाजू गेली. बोलणं आलं परत, अर्धंमुर्धं. हो, आतल्या खोलीत आहेत, म्हणून नाही दाखवली. झोप लागली असेल आत्ता. हळू बोल. दर महिन्याच्या पाच तारखेला विचारतात, हप्ता गेला? मी म्हणते, गेला. तीन महिने झाले, जात नाहीये. तरी म्हणते, गेला. मग म्हणतात, तीनच वर्षं राहिली गं, आणि डाव्या हाताने माझा हात दाबतात.

गेल्या महिन्यात बँकेत जाऊन कर्जखात्याचा सगळा उतारा मागितला. खिडकीवरच्या बाईने छापून दिला, गरम कागद, तिलाही कसंसं झालं बघ, नजर चुकवत होती. वीस लाख घेतले होते. तेहतीस लाख भरून झालेत. पंधरा बाकी आहेत! मी म्हटलं, ताई, हे चुकलंय का? ती म्हणाली, नाही हो, बरोबर आहे. बरोबरच तर आहे, तेच तर.

तुम्ही चौतीस देताय. दलाल म्हणतो, बाई, पंचवीसला घेतलं, चौतीसला विकताय, नफ्यात आहात! नफा! पंधरा बँकेला जातील, सहा दवाखान्याला. उरल्यात भाडं आणि ह्यांची औषधं. किती दिवस पुरतील ते मी नाही मांडलं. आता मी काही मांडत नाही.

पोर इथे नसते आता. घराचे कागद काढताना तिलाच ट्रंकेत बँकेचं ते पत्र सापडलं. उघडलं, तारीख बघितली, आकडा बघितला. मला वाटलं ओरडेल. ओरडली असती तर बरं झालं असतं. घडी घातली नीट, जशी होती तशी, आणि विचारलं, आई, तुला माहीत होतं ना? मी म्हटलं, हो. तिने पिशवी भरली. मैत्रिणीकडे राहते. एक तारखेला पैसे पाठवते, न चुकता, सोबत अक्षरही नाही.

ह्यांना विकायचं सांगितलेलं नाही. सही लागेल त्यांची, घर दोघांच्या नावावर आहे. मी बोट ठेवीन तिथे करतील डाव्या हाताने, विचारणार नाहीत. माझ्यावर फार विश्वास आहे त्यांचा.

अगं, रडतेस कशाला? मी तुला घाबरवायला नाही सांगितलं. का सांगितलं? देव जाणे, तोंड उघडलं आणि येत गेलं. तुझा चेहरा तसा आहे, ऐकणारा. हे बघ, इतकं तरी कर — बँकेला विचार, व्याज वाढलं तर माझा हप्ता वाढवणार की वर्षं वाढवणार? हप्ता वाढवा म्हण. ओरडायला लागलं तरी चालेल. आणि दर वर्षी उतारा माग, दोघांनी एकत्र बसून वाचा. दोघांनी. एकट्याने वाचू नकोस.

तो येतोय वाटतं, जिन्यात पावलं वाजतायत. डोळे पूस. काय? दुसरं घर बघावं म्हणतेस? नाही — नाही, ऐक, तसं नको करू. तुझ्याआधी अकरा जण बघून गेले आणि कुणी चौतीस म्हटलं नाही. बँकेने महिन्याची मुदत दिलीय, मग ते लिलावात काढतील, ते चोवीसलाही देतील. तुझी तीस वर्षं आली तरच मी सुटते, कळतंय का? मी बोलले ते विसर. गणित चुकलं असेल माझं, मी काय, मॅट्रिक. घर चांगलं आहे. ऊन येतं, शेजार चांगला. घ्या तुम्ही. त्याला काही सांगू नकोस. घ्या, मी हात जोडते तुझ्यापुढे.

आलात? मावते ना गाडी? मावणारच! तुमच्या बायकोला फार आवडलं घर. आतली खोली पुढच्या वेळी दाखवते, आज आवरलेली नाही.

... अहो, कुणी नाही! मीटर बघायला आलेत! झोपा तुम्ही!

जा आता. दार मी लावते.