टाका कुठेय?

नर्स सलाइन बदलत होती. पडद्यापलीकडच्या खाटेवर शिंपीकाकांना जाग आली; बायको उशाशी बसली होती.

"अगं, पोटावर टाका कुठेय?"

"टाका नाहीच. तोंडातून दुर्बीण घालून जठरातली गाठ काढली."

"न उसवता? चाळीस वर्षं शिवतोय मी, उसवल्याशिवाय आतलं काही बाहेर निघत नाही!"

"निघतं की. आख्खी निघाली. वेळेत सापडली म्हणाले, उद्या घरी जायचं."

"घरी? मला तर वाटलं, आता आपण काही वाचत नाही."

"म्हणूनच आत नेताना हात धरून सांगितलंत ना, तुम्हाला आणखी एक मुलगी आहे म्हणून?"

नर्सच्या हातातली बाटली तशीच राहिली.

"ते... भुलीत काहीतरी बरळलो असेन."

"भूल त्यानंतर दिली."