राखाडी भिंत

डोळ्यांच्या दवाखान्यात माझ्या शेजारी सिनेमाचे रंग जुळवणारे एक आजोबा बायकोसोबत बसले होते. एका डोळ्याचा मोतीबिंदू काढून झाला होता, दुसऱ्याचा आज होता.

"अगं, स्टुडिओची भिंत राखाडीच निघाली!"

"मग पिवळी पिवळी म्हणून पेंटरला दोनदा कशाला पिडलंत?"

"जुन्या डोळ्याला पिवळीच दिसायची. नजर फसू नये म्हणून तर ती राखाडी ठेवतात."

"आणि नवा सिनेमा?"

"पिवळेपणा काढता काढता सगळा निळा केलाय. हिरॉईन बुडून वर आल्यासारखी दिसते."

"अहो, दिग्दर्शकाला सांगा तरी!"

"सांगितलं. म्हणाला, काय दुःख आणलंत पडद्यावर! पुढचं काम तुम्हालाच, पण अगदी असंच हवं."

"आजोबा, चला आत," नर्स म्हणाली.

"सिस्टर, हा डोळा राहू द्या. पोटापाण्याचा आहे."