पेरूपाशी वळलेली भिंत

—नाही, टेप तिकडून नको, इकडून धरा, कोपऱ्यातल्या या जुन्या दगडापासून. आणि मला मोजणी शिकवू नका हं, कमिशनरसाहेब. कोर्टानं पाठवलंय तुम्हाला, कबूल — पण शाळेचं तोंड न बघता मी या खटल्याचा एकूण एक कागद अक्षर लावून लावून वाचलाय. वकीलसुद्धा काढून टाकला. 'आजी, तडजोड करा,' म्हणाला. म्हटलं, तडजोड तुझ्या घरी कर. — हां, आता बघा. भिंत इथून कशी नाकासमोर जाते? आणि पेरूपाशी आली की पोट काढते. कुठं? माझ्या अंगणात! पलीकडची ती माझी धाकटी जाऊ. दीर गेला, वाटणी झाली, मध्ये भिंत आली, आणि माझं झाड बाईसाहेबांच्या बाजूला गेलं. कोर्टात म्हणते, भाऊजींच्या संमतीनं झालं. भाऊजी म्हणजे आमचे हे. गेलेल्या माणसाची संमती सांगायला काय जातं? हे परगावी होते, गवंड्यानं माघारी दोरी सरकवली — शपथेवर सांगितलंय मी तसं. संमती नाही म्हणजे अतिक्रमण, आणि अतिक्रमण म्हणजे भिंत पडणार. बरोबर ना? मग!

पेरू कुणी लावला? मी. न्हाणीचं पाणी वळवून वळवून वाढवला. आणि सावली? ती तिला. झाडाखाली दगडी बाक आहे, दिसला? वाकू नका एवढे, पडाल — मीच सांगते. बाकाला पाठ टेकायला फळी आहे ना, ती आमच्या पलंगाची. यांनी काढून नेली, तिची पाठ दुखते म्हणून. माझी पाठ काय लोखंडाची होती? संध्याकाळ झाली की कप उचलून तिकडे — चहा माझ्या हातचा, साखर मी ढवळलेली — आणि तिथं बसून हसायचे. हसायचे हो! या घरात जेवताना 'मीठ' याच्यापुढे शब्द नाही, आणि तिकडे गोष्टींवर गोष्टी. काय बोलायचे? भिंतीला कान लावून ऐकलंय मी, लाजू कशाला. पेरूला मुंग्या लागल्यात. मांजर व्यालंय, एक पिल्लू अगदी काळं आहे. बस. वाईट काही नाही. वाईट असतं तर बरं झालं असतं, भांडता तरी आलं असतं. मांजराच्या पिल्लावरून कसं भांडायचं नवऱ्याशी, सांगा तुम्हीच?

ती बघा, खिडकीत. या वयातसुद्धा केस विंचरून उभी. मोजणी बघतेय की मोजणीदार, देव जाणे. — आणि गवंड्याला कशाला दोष देता? त्या बिचाऱ्यानं दोरी सरळच ताणली होती. मी इथंच उभी होते, हातात पाण्याची बादली. हे उठले, स्वतः खुंटी उपटली, माझ्या पायापाशी आणून ठोकली, आणि माझ्याकडे न बघता म्हणाले, 'तिला ऊन सोसत नाही.' मला सोसतं! मी जन्मभर उन्हात—

काय लिहिताय?

थांबा. काय बोलले मी? परगावी होते हे, परगावीच. असे बघू नका माझ्याकडे. खोडा ते. — खोडता येत नाही? पेन तुमचं आहे की कोर्टाचं?

…बरं. असू दे. लिहा, संमती होती. उभी राहू दे मेली भिंत. पण एक करा — उन्हाचं तेवढं लिहू नका. तुमचं लिहिलेलं कोर्टात वाचतील, ती समोर बसलेली असेल. तिला ठाऊक नाही ते. ती तेव्हा माहेरी होती. हे तिला म्हणाले, मुळांना जागा हवी म्हणून वळवली. तिला आजतागायत तेच वाटतं. वाटू दे. मुळांसाठी, असं लिहा. लिहिलंत? वाचून दाखवा. — हळू, खिडकी उघडी आहे.

हं. गुंडाळा आता टेप, आणि निघा.