बांधावरचा पहिला पाय

हेमांगी : नाही, फोनवरचं रेकॉर्डिंग बंद नाही केलं आजी, चालूच आहे. बोला तुम्ही.

फुलवंताबाई : काय बोलू? मन्हं सांगणं अर्धंच शे. अर्धं सरलाबाईनं व्हतं. ती होळीना आठ दिन आधी चालनी गई, ते संगे लई गई.

हेमांगी : तुमचं अर्धं द्या मग. पुढच्या महिन्यात पुस्तक छापायला जायचंय.

फुलवंताबाई : तसं नही ऱ्हास पोरी. पन्नास साल आम्ही दोन्ही संगेच सांगूत. दर साल संघटनाना मेळावामा. मी सांगाले लागू, ती मधमा तोंड घाले. ती सांगे, मी घालू.

हेमांगी : तिचंही तुम्हीच सांगा ना. पाठ असेलच.

फुलवंताबाई : पाठ तं शे. ऐक. जमीन सरलाना सासरानी, कागदवर नाव पाटीलनं. जवारी कापाले येल व्हती. मिटिंगमा ठरनं, आपली जवारी आपण कापानी, भर दुपारे, सर्वासना देखत. शंभर बाया निंघन्यात. 'शंभर कोठे, चाळीस व्हत्यात,' सरला म्हने. बांधवर पाटीलना रखवालदार, हातमा काठ्या. सर्व्या बाया थांबी गयात. मंग पहिला पाय बांधना पलीकडे टाका तो मी. 'तू कोठे, मी,' सरला म्हने. आठे आम्हनं भांडण लागे. लोके हसेत, पोरं पुढे सरकीसन बसेत.

हेमांगी : पुस्तकात एकच नाव जाईल, आजी. कोणाचा पाय लिहू?

फुलवंताबाई : सरलाना लिख.

हेमांगी : अहो, गेल्या वर्षीचं रेकॉर्डिंग आहे माझ्याकडे. लेकाची शपथ घेऊन सांगितलंत, तुमचाच म्हणून.

फुलवंताबाई : तवय ती समोर बसेल व्हती. ती नही म्हने, तं मी हो म्हनू. आते नही म्हनाले कोन शे? मांगला महिनामा शाळामा बलावं व्हतं. एकटीच सांगी ऱ्हायनू, सांगता सांगता दोनशे बाया म्हनी गऊ. मास्तरनी टाळ्या वाजाड्यात. कोनी म्हनं नही, 'फुलवंता, खोटं बोलस तू.' घर येईसन रडनू मी.

हेमांगी : आजी, त्या दिवशीचं एक माणूस अजून आहे.

फुलवंताबाई : कोन? सुकलाल गया, उदेसिंग गया.

हेमांगी : बांधाच्या पलीकडे होतं ते. माझे आजोबा.

फुलवंताबाई : चुडामण पाटील. माले म्हाईत शे, तू त्यानी नात. पहिलाच दिन तुन्हा नाकवरथून वयखं मी. म्हनीसनच तुले चहा दिधा नही.

हेमांगी : मला वाटलं, साखर संपली असेल.

फुलवंताबाई : साखर व्हती. जित्ता शे का तो आजून?

हेमांगी : खाटेवरच असतात. बोलणं फार कमी झालंय. मी विचारलं त्यांना, पहिला पाय कोणाचा होता म्हणून.

फुलवंताबाई : मंग? काय म्हने?

हेमांगी : म्हणाले, 'फुलवंता. हिरवा लुगडानी.'

(बाहेरून उसाचा ट्रॅक्टर जातो.)

फुलवंताबाई : नाव लिधं त्यानी?

हेमांगी : हो.

फुलवंताबाई : दहा साल त्याना वावरमा निंदं मी. 'ए' म्हने माले. 'ए, तिकडे लाग.' मन्हं नाव त्याले म्हाईत शे, हाई आज समजनं माले.

हेमांगी : म्हणजे साक्षीदार मिळाला. तुमचंच नाव लिहिते.

फुलवंताबाई : नही, नही. हिरवं लुगडं सरलानं व्हतं. माहेरथून लयेल, नवं. मन्हं तं लाल, दोन जागे फाटेल. त्याले काय दखायनं तठेथून? खोटं बोलस तो.

हेमांगी : त्यांना सांगितलं तर ते तुम्हालाच खोटं म्हणतील. हट्टी आहेत फार.

फुलवंताबाई : म्हनू दे ना. ...कवय जागा ऱ्हास तो?

हेमांगी : चारला चहा घेतात. तुम्ही येताय? आमच्या घरी? माफ केलंत त्यांना?

फुलवंताबाई : माफ कराले नही जास मी. त्याना आधी कितला साल त्यानी आम्हनी जवारी खादी, ते मराले लागनू तरी इसरसू नही. लुगडं कोनं व्हतं, ते सांगाले जास. चाल, गाडी काढ तुन्ही.

हेमांगी : फोन चालू ठेवू तिथे?

फुलवंताबाई : ठेव. मी हळूहळू सांगसू सर्वं, पहिलेपासून. त्याले मधमा तोंड घालता येवाले जोयजे.