डावीकडचा वाल्फ्रिड

तौनो : परत लावू?

हेल्का : परत कशाला? आत्ताच तर बघितलं. आणि हे दृश्य तोडायचा विचारही करू नकोस हं.

तौनो : तोडायचं नाही गं. म्हणजे... तूच मला सांग, यात काय काय दिसतंय?

हेल्का : इतकी वर्षं माझे माहितीपट जोडतोयस आणि आता परीक्षा घेतोस? बेटावरचं लेम्पीचं स्वयंपाकघर. लेम्पी मासे साफ करतेय. खिडकीत तळं. कुणी बोलत नाही, काही घडत नाही. कॅमेरा ठेवला आणि गप्प बसले, नेहमीसारखी.

तौनो : आणि डावीकडं?

हेल्का : डावीकडं काय? काही नाही.

तौनो : हेल्का, तिथं वाल्फ्रिड बसलाय.

हेल्का : लेम्पीचा नवरा? अरे, जुलैत गेला तो. मी होते की दफनाला.

तौनो : हे मे महिन्यातलं आहे. जाळं शिवत बसलाय. एक खांदा चौकटीबाहेर गेलाय, पण आहे. पहिल्यापासून शेवटपर्यंत आहे.

हेल्का : थट्टा नको हं.

तौनो : थट्टा नाही.

हेल्का : दफनानंतर कॉफी घेताना लेम्पीनं मला विचारलं होतं, त्याचं काही चित्रण आहे का म्हणून. मी तिला तोंडावर नाही म्हटलं, तौनो. सगळं तपासून नाही म्हटलं! कुठंय? बोट ठेव.

तौनो : मान वळव. अजून. अजून थोडी.

हेल्का : अरे देवा.

तौनो : दिसला?

हेल्का : आता दिसला. मघाशी तिथं काहीच नव्हतं रे. अंधार नाही, धूसर नाही... ती बाजूच नव्हती.

तौनो : मागच्या माहितीपटातही माणसं कडेला अर्धी कापलेली होती. मला वाटलं, तुझा नवा प्रयोग. पेपरवाल्यांनी तर धाडस म्हणून कौतुक केलं.

हेल्का : वाचलं मी ते. कुठली अर्धी माणसं, तेच कळेना. विचारायची लाज वाटली.

तौनो : आज गाडी तूच चालवत आलीस?

हेल्का : मग कोण? का?

तौनो : डावा आरसा तुटून लोंबतोय.

हेल्का : ...कुणाला लागलं असेल का? तौनो, खरं सांग, रक्तबिक्त आहे का कुठं?

तौनो : नाही, नाही. हिरवा रंग लागलाय. कुणाच्या तरी फाटकाजवळची टपालपेटी असणार.

हेल्का : असणार म्हणजे? शाळेच्या रस्त्यानं आले मी! मला काही कळलंही नाही. नुसती गाणं गुणगुणत आले.

तौनो : बस आधी. पाणी देऊ?

हेल्का : पाणी नको. आई शेवटी शेवटी अर्धेच केस विंचरायची. एक बाजू चापूनचोपून, दुसरी तशीच पिंजारलेली. आम्ही बहिणी हसायचो तिला. मग डोक्यात गाठ निघाली. माझे केस बघ.

(तौनो खुंटीवरची तिची टोपी काढतो.)

हेल्का : बघ ना. कसे आहेत?

तौनो : टोपी घाल. बाहेर वारं सुटलंय. मी गाडी काढतो, इस्पितळात जाऊ.

हेल्का : आधी हा माहितीपट पुरा करू. दोन आठवडे दे मला.

तौनो : दोन तास नाही देणार.

हेल्का : एकदा त्यांनी नाव दिलं ना आजाराला, की माझ्या हातात कुणी कॅमेरा देणार नाही. मला दुसरं काय येतं रे?

तौनो : ते नंतर भांडू. आत्ता ऊठ.

हेल्का : मला भीती वाटतेय.

तौनो : मलाही वाटतेय. ऊठ.

हेल्का : लेम्पीला फोन कर. सांग, वाल्फ्रिड आहे. तिच्या शेजारीच बसलाय म्हणावं.

तौनो : गाडीतून करतो. सांभाळ, पायरी आहे. धर मला.

हेल्का : तौनो, या बाजूनं नको. उजवीकडं ये. इकडं तू नाहीसा होतोस.