टेबलावरचं ओलं कापड

दवाखान्याच्या बाकावर माझ्या शेजारी बापलेक बसले होते. लेकीची आई तपासून घ्यायला आत गेली होती.

"बाबा, खरं सांगा, रोज जेवायच्या आधी टेबलावरचं कापड ओलं का करता?"

"जहाजावर करायचो म्हणून."

"तिथे तरी कशाला?"

"प्रवाशांची पानं मांडायचं काम माझं. समुद्र खवळला की ताटं घसरून थेट समोरच्याच्या मांडीवर! कापड ओलं असलं की जागची हलत नाहीत."

"आणि सूप?"

"ते अर्धीच वाटी वाढायचं."

"वरच्या वर्गातल्या बड्या लोकांनाही?"

"लाटेला कुठं कळतं, कुणाचं तिकीट कितीचं आहे!"

"हे बरंय. पण जहाज सोडून तुम्हाला वर्षं लोटली. आपलं घर कुठं हलतंय?"

"घर नाही हलत."

"मग?"

"तुझ्या आईचा हात हलतो. घास घ्यायला गेली की ताट सरकायचं, आणि 'भूक नाही' म्हणून ती उठायची."

"हल्ली तर पोटभर जेवते."

"जेवते ना? मग झालं तर. तिला यातलं काही सांगू नकोस."

तेवढ्यात दार उघडलं.

"झालं बाई माझं एकदाचं. अगं, आलोच आहोत तर आता यांनाही दाखवू या का? रोज टेबल भिजवतात, सूप अर्धीच वाटी वाढतात. डोक्यातून जहाज काही जाईना यांच्या!"

"राहू दे गं आई. जुनी सवय आहे, ती आता कुठली सुटायला?"